चौघांच्या नावावर एक पदक

९ ऑगस्ट २०१२ रोजी लंडनजवळच्या डॉर्नी तलावावर पुरुषांच्या के-४ १००० मीटर शर्यतीची अंतिम फेरी झाली. ऑस्ट्रेलिया पहिला, हंगेरी दुसरा आणि चेक प्रजासत्ताक तिसरा. चेक होडीची वेळ होती २ मिनिटे ५५.८५० सेकंद. चार वर्षांनी, २० ऑगस्ट २०१६ रोजी, रिओ दि जानेरोच्या रोद्रिगो दे फ्रैतास सरोवरावर तीच शर्यत झाली आणि चेक होडी पुन्हा तिसरी आली, या खेपेला ३ मिनिटे ५.१७६ सेकंदांत. दोन्ही होड्यांत बसलेली माणसे तीच होती : दानिएल हावेल, लुकाश त्रेफिल, योसेफ दोस्ताल आणि यान श्त्येर्बा.

पुढची पाने या चौघांविषयी आहेत. पण लिहायला घेतल्यावर पहिलीच अडचण उभी राहिली. खेळाडूचे चरित्र लिहिण्याची आपली एक ठरलेली रीत आहे. बालपण, पहिला गुरू, पहिले अपयश, मग यश आणि त्या यशावर त्या एकट्याची सही. हावेल, त्रेफिल आणि श्त्येर्बा यांची ऑलिंपिकमधली दोन्ही पदके चौघांच्या होडीतली आहेत. त्या १००० मीटरमध्ये हावेलने किती केले आणि त्रेफिलने किती, हे कोणत्याही घड्याळाने मोजलेले नाही आणि मोजता येण्यासारखेही नाही. अशा माणसांच्या नोंदी संदर्भग्रंथांत दोन-तीन ओळींत आटोपतात, आणि मला ते अन्यायाचे वाटते. चौघांतला एक असणे म्हणजे पाव कर्तृत्व, असा हिशेब आपण नकळत करतो. त्यात काहीतरी मुळातच चुकते, आणि कुठे चुकते ते दाखवायचे तर खेळ जरा जवळून पाहावा लागेल.

मराठी वाचकाला पाण्यावरच्या शर्यती म्हटल्या की दत्तू भोकनळ आठवतो. चांदवड तालुक्यातल्या तळेगाव रोहीचा हा जवान २०१६ मध्ये रिओच्या याच सरोवरावर एकेरी रोइंगमध्ये उतरला होता आणि तेरावा आला होता. पण त्याचा खेळ वेगळा. रोइंगमध्ये खेळाडू शेवटच्या रेषेकडे पाठ करून बसतो, वल्ही होडीला जखडलेली असतात आणि बसायची जागा चाकांवर मागेपुढे सरकते. कयाकमध्ये तोंड पुढे, वल्हे मोकळे आणि त्याला दोन्ही टोकांना पाती. कॅनो हा तिसरा प्रकार : एक गुडघा टेकून बसायचे, एकच पाते, एकाच बाजूने वल्हवायचे. ‘के-४’ मधला ‘के’ कयाकचा आणि ‘४’ माणसांचा.

या होडीची लांबी नियमाने जास्तीत जास्त ११ मीटर आणि वजन कमीत कमी ३० किलो. म्हणजे चार धिप्पाड पुरुष त्यांच्यातल्या एकाच्याही वजनाच्या निम्म्याहून हलक्या कवचात बसलेले असतात. रुंदी इतकी कमी की कडा मांड्यांना जवळजवळ लागते. नवख्या माणसाला या होडीत नुसते सरळ बसणेही जमत नाही, ती लगेच कलंडते. वेगात असली की स्थिर, थांबली की डळमळीत. सुकाणू होडीच्या तळाशी, मागच्या बाजूला असते, पण त्याची सूत्रे सगळ्यात पुढे बसलेल्याच्या पायांत : दोन पावलांच्या मध्ये एक छोटी दांडी असते, ती डावी-उजवीकडे ढकलायची. हात वल्ह्यात अडकलेले, पाय जोर लावण्यात गुंतलेले आणि त्याच पायांनी ९ मीटर रुंदीच्या पट्ट्यात ११ मीटर लांबीची होडी सरळ ठेवायची.

कयाक हातांच्या बळावर चालते असा समज सार्वत्रिक आहे. प्रत्यक्षात पाते पायाच्या बोटांच्या रेषेत पाण्यात बुडते, त्याच बाजूचा पाय समोरच्या फळीवर दाबला जातो, कंबर वळते, धड उलगडते आणि पाते नितंबाजवळ येता येता पाण्याबाहेर पडते. हात फक्त सांधा जोडतात. १९८० च्या दशकात स्वीडनमधून पंखाच्या आकाराचे वळणदार पाते आले आणि ते पाण्यात सरळ मागे येण्याऐवजी किंचित बाहेरच्या अंगाला सरकू लागले, तेव्हापासून तर हा धडाचा आणि पायांचाच खेळ झाला. १००० मीटरच्या शर्यतीत मिनिटाला शंभराहून अधिक हात पडतात. दर हाताला होडी तीन मीटरच्या आत-बाहेर पुढे जाते. असे साधारण साडेतीनशे हात, आणि दर वेळी चार पाती एकाच क्षणी पाण्यात शिरली पाहिजेत.

एकाच क्षणी, यावर सगळे येऊन थांबते. एखाद्याचे पाते शतांश सेकंद उशिरा शिरले तर होडी तेवढीच अडखळते, आणि तो अडखळ बाकीच्या तिघांना कमरेखाली जाणवतो. पालखी खांद्यावर घेतलेल्या भोयांपैकी एकाचे पाऊल चुकले की उरलेल्यांच्या खांद्याला कळते, तसेच हे. म्हणून प्रशिक्षक चार सर्वांत ताकदवान माणसे निवडून मोकळा होत नाही. एकेरीत हरवणारा माणूस चौघांच्या होडीत बसवला की होडी मंदावते, आणि एकेरीत मागे पडणारा बसवला की ती पळते, असा अनुभव या खेळात जुना आहे.

चार आसनांची कामे वेगवेगळी असतात. पहिला लय ठरवतो आणि दिशा राखतो. त्याला मागचे कोणीच दिसत नाहीत. दुसऱ्याचे काम मला सर्वांत अवघड वाटते : पहिल्याची लय हुबेहूब उचलून ती मागच्या दोघांना वाचता येईल अशी करून देणे. पहिला थकून किंचित घाईत आला तरी ती घाई दुसऱ्याने मागे जाऊ द्यायची नसते. तिसऱ्या जागेवर बहुधा दांडगा माणूस असतो, मधल्या अंतरात होडी ओढून धरणारा. चौथ्याच्या वाट्याला आधीच ढवळलेले पाणी येते. पुढच्या तिघांच्या पात्यांनी ते मागे ढकललेले असते, म्हणून त्याला पाते इतरांपेक्षा झटकन रोवावे लागते, नाहीतर त्याच्या हाताला पाणी लागतच नाही. शिवाय बसायच्या जागा काही सेंटिमीटर पुढे-मागे सरकवून होडीचे नाक फार वर किंवा फार खाली जाणार नाही असे वजन वाटावे लागते. दोन मीटर उंचीचा दोस्ताल ज्या होडीत आहे, तिथे ही वाटणी हलक्या हाताने होत नाही.

आता या चौघांची वये पाहा. लंडनच्या वेळी १९८१ साली जन्मलेला श्त्येर्बा एकतीस वर्षांचा होता आणि १९९३ साली जन्मलेला दोस्ताल अवघा एकोणीस. मधले दोघे, १९८८ चा त्रेफिल आणि १९९१ चा हावेल. एका अंगाला कारकिर्दीच्या उताराला लागायचे वय आणि दुसऱ्या अंगाला कारकीर्द सुरूही न झालेला पोरगा, यांनी एकाच लयीत साडेतीनशे हात मारायचे. एवढेच असते तरी ते नवलाचे ठरले असते. पण हेच चौघे चार वर्षांनी पुन्हा एकत्र सुरुवातीच्या रेषेवर उभे राहिले, आणि ही गोष्ट पदकाच्या रंगापेक्षा मला मोठी वाटते. चौघांच्या होडीत दर हंगामाला माणसे बदलणे ही सर्रास चालणारी रीत आहे. कोणाचा खांदा जातो, कोणी एकेरीकडे वळतो, कोणाला नवा मुलगा मागे टाकतो.

या चौघांच्या मागे जी परंपरा होती ती मुळात कयाकची नव्हती. चेक भूमीला समुद्र नाही, पण व्ल्तावा आहे, लाबे आहे, साझावा आहे, आणि उन्हाळ्यात होडी घेऊन नदीवर जाणे हा तिथल्या घराघरांतला रिवाज आहे. त्यातून जे शर्यतवीर निपजले ते मुख्यतः कॅनोचे. यान ब्रझाकने १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये व्लादिमीर सिरोवात्काबरोबर दोघांच्या कॅनोत सुवर्ण जिंकले. मग युद्ध आले, दोन ऑलिंपिक झालीच नाहीत, आणि १९४८ मध्ये हाच ब्रझाक बोहुमिल कुद्र्ना या दुसऱ्या जोडीदाराबरोबर पुन्हा पहिला आला. चार वर्षांनी हेलसिंकीत याच जोडीने रौप्य मिळवले. १९४८ मध्येच योसेफ होलेचेक १००० मीटरमध्ये आणि फ्रान्तिशेक चापेक १०,००० मीटरमध्ये एकेरी कॅनोचे विजेते ठरले. होलेचेकने १९५२ मध्ये आपले सुवर्ण राखले. पुढे १९९६ मध्ये अटलांटात मार्तिन दोक्तोरने एकाच ऑलिंपिकमध्ये दोन सुवर्णे जिंकली, तीही कॅनोत. सपाट पाण्यावरच्या शर्यतींत त्या देशाचा सोनेरी इतिहास असा गुडघा टेकून बसणाऱ्यांचा होता. कयाकवाल्यांना घरातच मोठ्या भावाच्या सावलीत राहावे लागले, म्हणून लंडनचे कांस्य प्रागमध्ये जितक्या आनंदाने साजरे झाले असेल तितके ते ऑस्ट्रेलियात सुवर्ण झाले नसेल असे मी धरून चालतो.

या खेळाच्या पोटापाण्याविषयीही बोलायला हवे. स्प्रिंट कयाकला प्रायोजक नाहीत, लीग नाही, लिलाव नाही. वर्षातून काही आठवडे स्पर्धा आणि बाकी सगळा काळ सराव, हिवाळ्यात नद्या गारठल्या की दक्षिणेकडच्या देशांत. हे कोणाच्या जोरावर? चेक देशात याचे बरेचसे उत्तर लष्कराचे क्रीडा केंद्र ‘डुक्ला’ हे आहे. धावपटू एमिल झाटोपेक याच लष्करी परंपरेतला. आजही अनेक चेक कयाकपटूंना याच केंद्राचा आधार असतो. इथे पुन्हा दत्तू भोकनळ आठवल्याशिवाय राहत नाही. विहिरी खणणारा, दुष्काळी भागातला तरुण सैन्यात गेला, वल्हे त्याच्या हातात सैन्याने दिले आणि पुण्यातल्या लष्कराच्या रोइंग केंद्रात तो घडला. २०१८ च्या आशियाई स्पर्धेत एकेरीच्या अंतिम शर्यतीत तब्येतीने त्याला दगा दिला, आणि लगेच दुसऱ्या दिवशी स्वर्ण सिंग, ओमप्रकाश व सुखमीत सिंग यांच्याबरोबर चौघांच्या होडीत त्याने सुवर्ण जिंकले. एकट्याने जे हाती लागले नाही ते चौघांत लागले. ज्यांनी तो दिवस मनात ठेवला आहे त्यांना हावेल, त्रेफिल आणि श्त्येर्बा यांची कारकीर्द परकी वाटणार नाही.

लंडननंतर दोन वर्षांनी, ऑगस्ट २०१४ मध्ये, मॉस्कोत झालेल्या जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत या चौघांनी के-४ १००० मीटरचे सुवर्ण जिंकले. ऑलिंपिकचे वर्ष नसल्याने जगाने फारशी दखल घेतली नाही, पण माझ्या मते या होडीचा कळस तोच. ऑलिंपिकची दोन कांस्ये ही त्याच्या अलीकडची आणि पलीकडची शिखरे. पुढच्याच वर्षी, २०१५ मध्ये, मिलानला हे जगज्जेतेपद गेले स्लोव्हाकियाकडे.

स्लोव्हाकियाचे नाव आले की या कथेत एक वेगळीच गुंतागुंत शिरते. १९९२ च्या अखेरीपर्यंत चेक आणि स्लोव्हाक हा एकच देश होता. श्त्येर्बा, त्रेफिल आणि हावेल चेकोस्लोव्हाकियात जन्मले. दोस्ताल मार्च १९९३ मध्ये जन्मला, तेव्हा त्याचा देश दोन महिन्यांचा होता. म्हणजे एकाच होडीत दोन देशांत जन्मलेली माणसे होती, एकाच शहरात, प्रागमध्ये, जन्मलेली असूनसुद्धा. फाळणीनंतर स्लोव्हाकांच्या वाट्याला चौघांच्या कयाकची विद्या अधिक आली : अथेन्सला कांस्य, बीजिंगला रौप्य. बीजिंगच्या होडीतले एरिक व्ल्चेक आणि युराय तार रिओतही होते. त्यांच्याबरोबर देनिस मिशाक आणि तिबोर लिंका.

रिओची ती अंतिम शर्यत जर्मनीने ३ मिनिटे २.१४३ सेकंदांत, जवळजवळ तीन सेकंदांच्या फरकाने जिंकली. के-४ मध्ये हा फरक प्रचंड आहे. सोन्याचा प्रश्न लवकरच निकालात निघाला, आणि खरी शर्यत उरली ती मागे, एकेकाळच्या एकाच घरातल्या दोन होड्यांमध्ये. स्लोव्हाकिया ३ मिनिटे ५.०४४, चेक ३ मिनिटे ५.१७६. अंतर ०.१३२ सेकंदाचे. होडीच्या त्या वेळच्या सरासरी वेगाने हिशेब केला तर सुमारे सत्तर सेंटिमीटर. लंडनमध्ये हंगेरी आणि चेक यांच्यात ०.१५१ सेकंद होते, तेही मीटरभराच्या आतच. दोन ऑलिंपिक मिळून २००० मीटर वल्हवल्यावर ही माणसे दोन रौप्यपदकांपासून एकूण दीड-पावणेदोन मीटर दूर राहिली. (लंडनपेक्षा रिओची वेळ नऊ सेकंदांनी मोठी आहे, यावरून होडी मंदावली असे कोणी समजू नये. वारा, पाण्याचे तापमान, तळाची खोली यांनी वेळा बदलतात, त्यामुळे या खेळात वेगवेगळ्या पाण्यांवरच्या वेळांची तुलना जाणकार करत नाहीत.)

रिओत दोस्तालच्या अंगावर आणखी एक भार होता. १६ ऑगस्टला त्याने एकेरी १००० मीटरमध्ये स्पेनच्या मार्कुस वाल्झच्या मागे रौप्य मिळवले होते. चार दिवसांनी तो पुन्हा चौघांत बसला. एकेरीचा माणूस स्वतःची लय स्वतः ठरवतो. दुसऱ्याच्या लयीत शिरायचे तर स्वतःची लय, जिने नुकतेच ऑलिंपिक रौप्य मिळवून दिले आहे ती, बाजूला ठेवावी लागते. दोस्तालच्या मोठेपणाविषयी खूप लिहिले गेले आहे आणि पुढेही लिहिले जाईल. त्याच्या मोठेपणाचा हा भाग मात्र मला सर्वांत भावतो, आणि तो दिसतो फक्त चौघांच्या होडीत.

त्या शर्यतीनंतर शर्यतच उरली नाही. पुरुषांची के-४ १००० मीटर १९६४ च्या टोकिओ ऑलिंपिकपासून चौदा ऑलिंपिक खेळवली गेली, आणि रिओची ती शेवटची. स्त्री-पुरुषांच्या शर्यती समान करण्याच्या फेररचनेत पुरुषांच्या चौघांचे अंतर अर्ध्यावर, स्त्रियांइतकेच ५०० मीटरवर आले. स्त्रियांसाठी कॅनोच्या शर्यती सुरू झाल्या त्या याच फेररचनेत, आणि ते फार आधी व्हायला हवे होते. पण त्यासाठी १००० मीटरचे के-४ जायलाच हवे होते का, याविषयी माझे मन मानत नाही. ५०० मीटरला दीड मिनिटाच्या आत सगळे संपते. तिथे स्फोटक ताकद चालते. १००० मीटरमध्ये तिसरा पाव टप्पा असतो, ५०० ते ७५० चा : सुरुवातीचा जोर ओसरलेला, शेवट अजून दृष्टीत नाही, मांड्यांत आग, आणि नेमक्या तिथेच चौघांची लय टिकते की फुटते ते ठरते. श्त्येर्बा-त्रेफिल-हावेल यांच्यासारख्यांचे कसब त्या टप्प्यासाठी घडलेले होते, आणि ऑलिंपिकच्या वेळापत्रकातून तो टप्पाच काढला गेला.

पुढचा इतिहास दोस्तालपुरता सर्वांना ठाऊक आहे. टोकिओत त्याने रादेक श्लौफबरोबर के-२ १००० मीटरचे कांस्य मिळवले, आणि ती शर्यतही नंतर ५०० मीटरवर आणली गेली. १० ऑगस्ट २०२४ रोजी पॅरिसमध्ये त्याने हंगेरीच्या आदाम वर्गा आणि बालिंट कोपास यांना मागे टाकून एकेरी १००० मीटरचे सुवर्ण जिंकले. आदल्याच दिवशी मार्तिन फुक्साने कॅनोच्या एकेरी १००० मीटरमध्ये सुवर्ण घेतले होते. ब्रझाक, होलेचेक आणि दोक्तोर यांच्या रांगेत कयाकवाला अखेर उभा राहिला. त्याच्या पाच ऑलिंपिक पदकांपैकी तीन दुसऱ्यांबरोबर वाटून घेतलेली आहेत, आणि त्यांतली दोन या पुस्तकातली.

म्हणून या पुस्तकाची प्रकरणे माणसांच्या नावांनी पाडलेली नाहीत. ती आसनांच्या क्रमाने आहेत, आणि प्रत्येक आसनाच्या निमित्ताने चौघेही पुन्हा पुन्हा भेटतात. क्वचित एखादी शर्यत दोनदा सांगितली जाते, पुढून आणि मागून, कारण होडीच्या दोन टोकांना ती सारखी दिसत नाही. तांत्रिक शब्द शक्य तिथे मराठी वापरले आहेत, पण कयाक, कॅनो, स्प्रिंट हे शब्द तसेच ठेवले आहेत. चेक नावे उच्चाराच्या जवळ नेण्याचा प्रयत्न आहे.

वाचायला सुरुवात करण्यापूर्वी लंडन आणि रिओ या दोन्ही अंतिम शर्यतींचे चित्रण जमल्यास पाहून घ्यावे. कॅमेरा बहुतेक वेळ आघाडीच्या होडीवर असतो, तिकडे लक्ष देऊ नये. चेक होडी बाजूने दिसेल तेव्हा पाती पाहावीत, आणि त्यांतही दुसऱ्या आसनावरच्या माणसाचे पाते पहिल्याच्या पात्याबरोबर पाण्यात शिरते का तेवढेच बघावे. शेवटच्या अडीचशे मीटरला हेच पुन्हा बघावे. पहिले प्रकरण तिथून सुरू होते.